वाचकांचे प्रश्न : स्वतःला घडवत राहणारे जीवन

मागील अंकात ‘जिवंत म्हणजे काय?’ या टिपणात ‘स्वनिर्मिती’ या संकल्पनेचा उल्लेख मी दोन-तीन वाक्यांत उरकला होता. तो अपुरा होता, ही जाणीव वाचकांच्या पत्रांनी करून दिली. टिपणात म्हटले होते ते इतकेच : सजीव वस्तू ज्या घटकांनी बनलेली असते ते घटक ती स्वतःच अखंड तयार करीत असते, आणि ते तयार करणारी व्यवस्थाही त्याच घटकांतून पुन्हा पुन्हा उभी राहते. या विधानावर आलेली पत्रे इतकी मनापासून लिहिलेली आहेत की या वेळी सदराची सगळी जागा त्यांनाच द्यावी असे वाटले. पत्रे संक्षिप्त केली आहेत आणि पत्रलेखकांची नावे न देता केवळ गावे दिली आहेत.

प्रश्न (सातारा) : मी मराठीची निवृत्त शिक्षिका आहे. ‘स्वनिर्मिती’ हा शब्द या अर्थाने माझ्या वाचनात पूर्वी आला नव्हता. मूळ शब्द कोणाचा, तो कोणत्या गरजेतून घडला, आणि ‘स्वयंभू’सारखा रुळलेला शब्द हाताशी असताना नवा शब्द कशाला, हे कृपया सांगावे.

उत्तर : मूळ शब्द ‘ऑटोपोएसिस’ असा आहे. चिलीची राजधानी सांतियागो येथील जीवशास्त्रज्ञ उंबेर्तो मातुराना यांनी तो १९७० नंतरच्या एक-दोन वर्षांत घडवला. त्यामागची हकीगत आपण शिक्षिका असल्यामुळे आपल्याला विशेष जवळची वाटेल, कारण तिची सुरुवात वर्गात विचारलेल्या एका प्रश्नाने झाली. १९६० साली मातुराना वैद्यकाच्या विद्यार्थ्यांना जीवसृष्टीच्या उगमाविषयी शिकवीत होते. तेव्हा एका विद्यार्थ्याने उठून विचारले की, सजीव अमुक काळी सुरू झाले असे आपण म्हणता, तर तेव्हा नेमके असे काय सुरू झाले, जे आजही तसेच चालू आहे म्हणून आपल्याला ‘तेव्हा सुरुवात झाली’ असे म्हणता येते? मातुरानांना उत्तर देता आले नाही. त्यांनी ते प्रांजळपणे मान्य केले आणि पुढची दहा वर्षे तो प्रश्न बाळगला. शिक्षकाला निरुत्तर करणारा विद्यार्थी वर्गात असणे हे त्या वर्गाचे भाग्य, आणि तो प्रश्न दहा वर्षे न टाकणारा शिक्षक मिळणे हे त्या विद्यार्थ्याचे भाग्य, असे मी मानतो.

शब्द सापडला तो साहित्यातून. मातुरानांचे एक मित्र ‘डॉन किखोते’ (इंग्रजी उच्चारात ‘डॉन क्विझोट’) या स्पॅनिश कादंबरीच्या नायकाविषयी लिहीत होते. शस्त्राचा मार्ग धरावा की लेखणीचा, म्हणजे कृतीचा मार्ग धरावा की निर्मितीचा, असा त्या नायकापुढे पेच असतो. निर्मितीसाठी ग्रीक भाषेत ‘पोएसिस’ हा शब्द आहे आणि इंग्रजीतील ‘पोएट्री’ त्याच मुळातून आली आहे. मातुरानांनी त्याला ‘स्व’ या अर्थाचे ‘ऑटो’ जोडले. ज्याला पूर्वेतिहास नाही असा शब्द त्यांना हवा होता, कारण जुन्या शब्दांबरोबर जुन्या समजुती चालत येतात. पुढे त्यांचे तरुण सहकारी फ्रान्सिस्को वारेला यांच्यासह त्यांनी या कल्पनेची मांडणी केली आणि १९७४ साली रिकार्दो उरिबे यांच्यासह तिघांचा इंग्रजी निबंध प्रसिद्ध झाला. मधल्या काळात, ११ सप्टेंबर १९७३ रोजी, चिलीत लष्करी उठाव झाला. त्यानंतर वारेला देश सोडून गेले आणि मातुराना सांतियागोतच राहिले.

आता ‘स्वयंभू’विषयी. हा शब्द सुंदर आहे, पण येथे तो चुकीच्या ठिकाणी नेतो. अष्टविनायकांच्या मूर्तींना किंवा एखाद्या शिवलिंगाला आपण स्वयंभू म्हणतो तेव्हा दोन गोष्टी अभिप्रेत असतात : ती मूर्ती कोणी घडवलेली नाही, आणि ती प्रकटली तेव्हाच पूर्ण होती. पेशीला यांपैकी एकही गोष्ट लागू होत नाही. प्रत्येक पेशी आधीच्या पेशीतून आलेली असते, म्हणजे तिला पूर्वज असतो, आणि ती कोणत्याही क्षणी पूर्ण झालेली नसते. घडणे थांबले की ती राहतच नाही. ‘स्वयंभू’ शब्द उगमाविषयी बोलतो, तर आपल्याला हवा असलेला शब्द रोजच्या कामाविषयी बोलणारा पाहिजे. ‘आत्मसृजन’ हा पर्याय कानाला अधिक गोड लागतो हे मान्य आहे. तथापि मराठी वाचकाच्या मनात ‘आत्म’ म्हटल्याबरोबर आत्मा उभा राहतो आणि चर्चा पेशीवरून मोक्षाकडे जाते. म्हणून मी ‘स्वनिर्मिती’ हा काहीसा रुक्ष शब्द निवडला. आपल्याला याहून चांगला सुचल्यास अवश्य कळवावा. भाषेच्या बाबतीत आपला अधिकार माझ्याहून मोठा आहे.

प्रश्न (लातूर) : मी विज्ञान शाखेत शिकतो. वाढ, पोषण, श्वसन, उत्सर्जन, हालचाल, प्रजनन ही सजीवांची लक्षणे आम्हाला पाठ आहेत. या यादीपेक्षा स्वनिर्मितीने अधिक काय सांगितले? आणि कारखान्यातही अखंड निर्मिती चालू असते, मग कारखाना जिवंत का म्हणू नये?

उत्तर : आपल्या भागात साखर कारखाने आहेत, म्हणून तेच उदाहरण घेऊ. गाळप हंगामात कारखाना रात्रंदिवस चालतो, ऊस आत जातो आणि साखर बाहेर येते. परंतु कारखान्यातून कारखाना बाहेर येत नाही. उसाच्या रसापासून गव्हाणीचे पट्टे, बॉयलरच्या नळ्या किंवा इमारतीच्या भिंती तयार होत नाहीत. त्या दुसरीकडे बनतात आणि झिजल्या की माणसे बाहेरून आणून बसवतात. आता असा कारखाना कल्पावा की ज्यात आलेल्या उसापासून त्याचीच यंत्रे, त्याच्याच भिंती आणि ती यंत्रे जोडणारे कामगारसुद्धा सतत तयार होत आहेत, जुने मोडत आहेत, नवे त्यांची जागा घेत आहेत, आणि या सगळ्याचे उत्पादन म्हणून दाखवण्यासारखे फक्त ‘तोच कारखाना’ शिल्लक राहतो आहे. पेशी ही अशी आहे. तिच्याभोवतीचे पटल मेदरेणूंचे असते आणि ते मेदरेणू आतली विकरे, म्हणजे रासायनिक क्रिया घडवून आणणारी प्रथिने, तयार करतात. ती विकरे एका जागी टिकून काम करू शकतात ती त्या पटलामुळेच, कारण पटल नसते तर ती बाहेरच्या पाण्यात केव्हाच पांगली असती. आतल्या हालचालीतून सीमा तयार होते आणि सीमेमुळे आतली हालचाल शक्य होते. यांपैकी आधी कोणते, हा प्रश्न चालू असलेल्या पेशीच्या बाबतीत विचारताच येत नाही.

१९७४ च्या निबंधात या तिघांनी संगणकावर एक साधा नमुना चालवून दाखवला होता. चौकटींच्या पटावर साधे कण विखुरलेले आहेत, मध्ये एक उत्प्रेरक कण आहे. त्याच्या सान्निध्यात दोन साधे कण जुळून एक दुवा बनतो, दुवे एकमेकांना जोडून साखळी होते आणि साखळी वळून उत्प्रेरकाभोवती बंद होते. दुवे अधूनमधून विरघळतात आणि भगदाड पडते, पण आत तयार होणारे नवे दुवे बाहेर निसटण्यापूर्वीच ते भगदाड बुजवतात. हा नमुना जिवंत आहे असा दावा त्यांनी केला नाही. सजीवातील जी रचना त्यांना दाखवायची होती, तिचा तो सांगाडा होता.

यादीचा दोष असा की तिच्यातील एखादे लक्षण गळाले की आपण अडखळतो. खेचराला संतती होत नाही, पण ते जिवंत आहे याविषयी कोणाच्या मनात शंका नसते. स्वनिर्मितीच्या कसोटीवर प्रजनन हे आधी नसून नंतर येते : जे स्वतःला टिकवते आहे त्यालाच स्वतःची दुसरी प्रत काढता येईल. विषाणूला यजमान पेशीबाहेर स्वतःचा कोणताही घटक तयार करता येत नाही, म्हणून या कसोटीवर तो बाहेर राहतो. आपल्या तांबड्या रक्तपेशीचे उदाहरण तर अधिक विचार करायला लावणारे आहे. परिपक्व होताना ती आपले केंद्रक गमावते आणि त्यानंतर तिला नवी प्रथिने करता येत नाहीत; सुमारे १२० दिवस ती आधीच्या शिदोरीवर काम करते आणि मग मोडीत निघते. ती एकटी स्वतःला घडवत नाही, तिला घडवणारी अस्थिमज्जा ज्या शरीरात आहे ते शरीर स्वतःला घडवते. स्वनिर्मिती पेशीची मानायची की संपूर्ण देहाची, हा वाद यातून निघतो आणि तो अजून मिटलेला नाही. माझे मत विचाराल तर दोन्ही पातळ्या मानाव्या लागतात, पण देहाच्या बाबतीत शब्द वापरताना अधिक जपून वापरावा.

एक निरीक्षण आपण स्वतः करावे असे सुचवतो. गेल्या पावसाळ्यात कांदा चिरताना विळीवर माझ्या तर्जनीचे टोक कापले. पाच-सहा मिनिटांत रक्त गोठले, दुसऱ्या दिवशी कडा आवळल्या, चौथ्या दिवसापासून खाज सुटली आणि दहाव्या दिवशी आंघोळीच्या वेळी खपली आपोआप निघून आली. खाली गुलाबी, पातळ, जराशी चकाकणारी त्वचा होती. आणखी तीन आठवड्यांनी भिंग घेऊन पाहिले तेव्हा बोटावरच्या रेषा होत्या तशाच पुन्हा जुळलेल्या होत्या, एकीचेही वळण बदललेले नव्हते. वरच्या थरातला प्रत्येक कण नवा होता आणि आकृती मात्र आईच्या पोटात असताना उमटलेलीच होती. खालच्या थराला खोल इजा झालेली नसल्यामुळे तेथील उंचवट्यांनी हा आराखडा सांभाळून ठेवला होता. घाव खोल गेला असता तर वण राहिला असता.

प्रश्न (डोंबिवली) : लग्नानंतर सासूबाईंनी गावाहून निघताना स्टीलच्या छोट्या डब्यात विरजण दिले होते. त्याला आता तेहतीस वर्षे झाली. सासूबाई नाहीत, पण रोज रात्री आदल्या दिवशीच्या दह्यातला चमचा दुधाला लावण्याचा नेम मी मोडलेला नाही. हे दही ‘तेच’ आहे का? आणि जीवन असे अखंड स्वतःला निर्माण करीत राहते याला काही शेवट असतो का?

उत्तर : आपले पत्र मी घरात मोठ्याने वाचून दाखवले. आपल्या प्रश्नात दोन वेगळ्या गोष्टी एकत्र आल्या आहेत आणि त्या वेगळ्या केल्याशिवाय उत्तर देता येणार नाही.

अर्धा लिटर कोमट दुधाला आपण एक चमचा विरजण लावता, म्हणजे दह्यातील जिवाणूंना साधारण शंभरपट होण्यास वाव मिळतो. एकाचे दोन, दोनाचे चार या रीतीने शंभरपट होण्यास सहा-सात वेळा दुप्पट व्हावे लागते. म्हणजे एका रात्रीत त्यांच्या सहा-सात पिढ्या होतात. मग दूध पुरेसे आंबट होते आणि त्या आम्लतेनेच त्यांची वाढ मंदावते. तेहतीस वर्षांच्या सुमारे बारा हजार रात्री धरल्या तर ढोबळमानाने ऐंशी हजार पिढ्या आपल्या ओट्यावर होऊन गेल्या. माणसाची पिढी पंचवीस वर्षांची धरली तर ऐंशी हजार पिढ्यांना वीस लाख वर्षे लागतील, आणि आपली मानवजातच सुमारे तीन लाख वर्षांची आहे. इतक्या पिढ्यांत त्या जिवाणूंत बदल झाले असणार, दुधातून आणि हवेतून नवे येऊन मिसळले असणार. सासूबाईंच्या डब्यातला एकही जिवाणू आज उरलेला नाही. उरला आहे तो न तुटलेला वारसा.

स्वनिर्मिती म्हणजे एका जिवाणूने, तो आहे तोवर, स्वतःला उभे ठेवणे. आणि प्रजनन म्हणजे एकाचे दोन होणे. पहिली गोष्ट प्रत्येकाच्या बाबतीत संपते. दुसरीमुळे साखळी पुढे जाते. जर्मन वैद्य रुडॉल्फ फिरखो यांनी १८५५ साली प्रत्येक पेशी पेशीतूनच येते हे सूत्र मांडले आणि लुई पाश्चर यांनी त्यानंतरच्या दशकात उकळलेल्या रसांच्या प्रयोगांनी दाखवून दिले की सूक्ष्मजीवसुद्धा आपोआप उपजत नाहीत. याचा अर्थ असा होतो की आपल्या दह्यातला जिवाणू, खिडकीतली तुळस आणि आपण स्वतः, या तिघांच्याही मागे किमान साडेतीनशे कोटी वर्षांची अशी एक परंपरा आहे की जिच्यात एकदाही खंड पडलेला नाही. एका रात्रीचाही नाही. हे मी जेव्हा जेव्हा मनाशी म्हणतो तेव्हा मला भारावून जायला होते, आणि ते लपवण्याचे कारण मला दिसत नाही.

परंतु ‘अखंड’ म्हणजे ‘अंतहीन’ नव्हे. आजवर तुटली नाही याचा अर्थ तुटू शकत नाही असा होत नाही; आपण एक रात्र दूध उकळते असताना विरजण लावले तर तेहतीस वर्षांची साखळी त्याच वाटीत संपेल. जीवन अनंतकाळ स्वतःला निर्माण करीत राहील असे जे अलीकडे आश्वासनासारखे सांगितले जाते, ते या संकल्पनेत कोठेही नाही. तिच्यात आहे ते उलट : हे काम क्षणोक्षणी करावे लागते आणि म्हणूनच ते थांबू शकते.

‘तेच का?’ याविषयी मला हावड्याच्या वनस्पती उद्यानातील प्रसिद्ध वड आठवतो. अडीचशे वर्षांहून जुन्या या वडाच्या मुख्य खोडाला बुरशीने पोखरले आणि १९२५ साली ते काढून टाकावे लागले. ज्याला आपण झाड म्हणू तेच नाहीसे झाले. वड मात्र जमिनीत उतरलेल्या तीन हजारांहून अधिक पारंब्यांच्या आधाराने आजही वाढतो आहे, आणि तो तोच वड आहे याविषयी कोणी हरकत घेतलेली नाही, कारण फांदी, पारंबी आणि पान यांच्यातला रसाचा प्रवाह मध्ये तुटला नाही. आपल्या दह्यात असा प्रवाह एका वाटीतून दुसऱ्या वाटीत जातो तो आपल्या चमच्यातून. म्हणून, वडाला ‘तोच’ म्हणावे आणि दह्याला ‘त्याच घराण्यातले’ म्हणावे असे मला वाटते.

प्रश्न (मंगळवेढा) : आमच्या घरात चार पिढ्यांची वारी आहे. आपण जे परदेशी शास्त्रज्ञांच्या नावाने सांगता ते माउलींनी पंधराव्या अध्यायात अश्वत्थाच्या रूपकात आधीच सांगितले आहे. मग त्यात नवे काय?

उत्तर : आपण दाखवलेले स्थळ अगदी नेमके आहे. गीतेच्या त्या अध्यायाच्या पहिल्याच श्लोकात मूळ वर आणि फांद्या खाली असलेल्या अश्वत्थाला ‘अव्यय’ म्हटले आहे. ‘श्व’ म्हणजे उद्या, आणि जो उद्यापर्यंतही तसाच राहत नाही तो अश्वत्थ, अशी व्युत्पत्ती भाष्यकार सांगतात. जो उद्या नाही तोच अव्यय कसा, हा पेच ज्ञानेश्वर महाराज ज्या रीतीने सोडवतात ती मला आजही थक्क करते. समुद्रातून एकीकडे मेघ पाणी उपसून नेतात आणि दुसरीकडे नद्या भर घालीत असतात, म्हणून तो ना आटलेला दिसतो ना वाढलेला. या झाडाचे जाणे-येणे इतक्या वेगाने चालते की लोकांना ते अव्यय भासते. घटक बदलत राहून रूप टिकणे, हा विचार तेथे स्पष्ट आहे. मुंडक उपनिषदातील कोळी आपल्यातूनच तंतू काढतो आणि आत घेतो, तेही याच जातीचे चित्र आहे.

तरीही दोन्ही एकच आहेत असे म्हणणे मला उचित वाटत नाही, आणि यात माउलींचाच मान राखला जातो असे मी समजतो. ते ज्या वृक्षाचे वर्णन करतात तो संपूर्ण संसार आहे आणि ते वर्णन अशासाठी आहे की असंगाच्या शस्त्राने तो छेदावा; त्याचे अव्ययपण हा तेथे भास आहे. मातुराना आणि वारेला एका पेशीविषयी बोलतात, तिला बाकीच्या जगापासून वेगळे करणारी सीमा कशी तयार होते हे विचारतात, आणि त्या सीमेला ते भास मानीत नाहीत. प्रश्न वेगळा असला की उत्तर सारखे दिसले तरी वेगळेच असते. समुद्राला स्वतःचा किनारा बनवावा लागत नाही. पेशीला तो बनवावा लागतो, आणि नवे आहे ते एवढेच.

आपल्याला रुचेल अशी एक गोष्ट मात्र नोंदवतो. वारेला पुढे तिबेटी बौद्ध साधनेकडे वळले, आणि १९८७ साली धर्मशाळेत दलाई लामा आणि शास्त्रज्ञ यांच्यात जो पहिला संवाद झाला, तो घडवून आणणाऱ्यांत ते होते. ‘मी’ नावाची स्थिर वस्तू कोठेच सापडत नाही आणि तरीही ‘मी’पणाचे काम चालूच असते, हा विचार त्यांना पेशीतही दिसला आणि ध्यानातही.

प्रश्न (नागपूर) : ही ‘प्राणशक्ती’चीच नवी आवृत्ती नव्हे का?

उत्तर : नव्हे. फ्रेंच तत्त्वज्ञ आंरी बर्गसाँ यांनी १९०७ साली जीवनाला पुढे रेटणाऱ्या एका मूळ प्रेरणेची कल्पना मांडली. त्याआधी हान्स ड्रीश यांनी समुद्री साळींदर या काटेरी कवचाच्या लहान सागरी प्राण्याच्या गर्भाच्या पहिल्या दोन पेशी वेगळ्या केल्या तेव्हा प्रत्येकीतून पूर्ण जीव वाढला, आणि हे यंत्राने होणे शक्य नाही असे वाटून पुढे ते एका अभौतिक तत्त्वाकडे वळले. दोघांचेही आश्चर्य खरे होते, परंतु त्यांनी आश्चर्यालाच कारण म्हणून नाव दिले. स्वनिर्मितीच्या मांडणीत रेणू आणि त्यांचे परस्परसंबंध यांच्यापलीकडे काहीही गृहीत धरलेले नाही. आगगाडी कशाने चालते याचे उत्तर ‘गमनशक्तीने’ असे दिले तर कोणाचेही समाधान होणार नाही.

प्रश्न (बेळगाव) : आमच्या गावचे भजनी मंडळ चार-पाच पिढ्या चालू आहे. जुने गेले, नवे आले, चाली त्याच राहिल्या. मंडळही स्वनिर्मित म्हणावे का?

उत्तर : जर्मन समाजशास्त्रज्ञ निकलास लूमान यांनी १९८४ च्या ग्रंथात समाजव्यवस्थांना हा शब्द लावला : संवादातून संवाद निर्माण होतो, माणसे ही त्या व्यवस्थेचे घटक नव्हेत. मातुराना आणि वारेला यांना हा विस्तार मान्य नव्हता. मीही त्यांच्या बाजूचा आहे. मंडळाला पेशी मानले की माणूस हा बदलता येण्याजोगा घटक ठरतो, आणि आपल्या मंडळातला पखवाजी गेला तर ‘घटक बदलला’ असे आपण म्हणणार नाही.

प्रश्न (कोल्हापूर) : सहा वर्षांपूर्वी मी यजमानांना माझे एक मूत्रपिंड दिले. तेव्हापासून त्यांना सकाळ-संध्याकाळ ठरल्या वेळी गोळ्या घ्याव्या लागतात आणि ती वेळ मी सांभाळते. शरीर स्वतःला घडवते, तर सहा वर्षांत त्याने हे मूत्रपिंड आपले करून घेतले नसेल का? गोळ्या कधी थांबतील का? आणि ते आता माझे म्हणायचे की त्यांचे?

उत्तर : प्रथम अत्यंत महत्त्वाचे : डॉक्टरांनी सांगितल्याशिवाय गोळ्या कदापि थांबवू नयेत, एक वेळही चुकवू नये. वर्षे लोटली म्हणून शरीर नवे इंद्रिय आपले मानू लागते असे सामान्यतः घडत नाही. १९५४ साली बॉस्टनमध्ये जोसेफ मरे यांनी मूत्रपिंडाचे पहिले यशस्वी रोपण केले ते एकसारख्या जुळ्या भावांत होते, आणि म्हणूनच त्या रुग्णाच्या शरीराने ते इंद्रिय नाकारले नाही. आपण दोघे पती-पत्नी आहात, जुळी भावंडे नाहीत. गोळ्या त्या नकाराला दररोज थोपवून धरतात.

फ्रान्सिस्को वारेला यांनी रोगप्रतिकारक व्यवस्थेचाही अभ्यास केला होता. ती केवळ शत्रूशी लढणारी फौज नसून शरीर ‘हे मी’ असे स्वतःशी सतत ठरवीत असते त्या कामाचा ती भाग आहे, असे त्यांचे म्हणणे होते. पुढे ‘क’ प्रकारच्या काविळीने त्यांचे यकृत निकामी झाले आणि १९९८ साली त्यांच्यावर यकृतरोपण झाले. जे ते आयुष्यभर लिहीत आले होते ते आता त्यांच्याच पोटात चालू होते. त्या अनुभवावर त्यांनी एक दीर्घ निबंध लिहिला. त्यात इंद्रिय परके की आपले याचा निकाल त्यांनी घाईने लावला नाही. औषधे, तपासण्या, पडद्यावर दिसणारे स्वतःचेच यकृत आणि अनोळखी दात्याची आठवण, या सगळ्यांसह ‘मी’ची सीमा सरकत राहते, असे त्यांनी नोंदवले. २८ मे २००१ रोजी पॅरिसमध्ये, वयाच्या ५४ व्या वर्षी ते गेले.

आपला दाता अनोळखी नाही, हा आपल्या आणि त्यांच्या अनुभवातला मोठा फरक आहे. ते मूत्रपिंड कोणाचे, याचे माझे उत्तर असे : कायद्याने आणि नात्याने आपण ते दिले आहे, तेव्हा ते यजमानांचे आहे. पेशींचे विचाराल तर ते आजही आपले आहे, कारण त्या पेशी स्वतःची झीज भरून काढतात ती आपल्या गुणसूत्रांतील आराखड्यानुसार, आणि त्यासाठी लागणारे सगळे सामान येते ते यजमानांच्या ताटातून.